बाजूला ठेवलेली शिक्षा

महामाया अवसरमोल दिवसातून वीसदा एकच प्रश्न विचारायची, आणि तोही समोरच्याला राग येईल अशा आवाजात: "लाथ मारते का?"

बाभूळखेडच्या जनावरांच्या दवाखान्यात ती परिचर होती. परिचर म्हणजे कागदोपत्री डॉक्टरांची मदतनीस. प्रत्यक्षात डॉक्टर सुई भरून चार पावलं लांब उभे राहतात, तेव्हा जनावराच्या मागच्या पायापाशी जो माणूस असतो, तो परिचर. तिचा नवरा प्रेमानंद याच दवाखान्यात हेच काम करायचा. तो काविळीनं गेला आणि अनुकंपावर त्याची जागा महामायेला मिळाली. तेव्हा गावातल्या शहाण्यांनी सांगून टाकलं, बाईमाणूस आहे, बैल पाहून आठ दिवसांत पळेल. आठ दिवसांत बैलच सरळ झाले. तिच्याकडे एक दोर होता आणि एक जीभ होती, आणि दोरापेक्षा जिभेनं जास्त जनावरं आवळली गेली. मालकही.

दवाखान्यापुढं खोडा होता. चार लोखंडी खांब जमिनीत पुरलेले. मधे जनावर उभं करायचं आणि मागून आडवा दांडा सरकवायचा, म्हणजे लाथ दांड्यावर बसते, माणसावर नाही. साधी गोष्ट. पण दांडा लावला की काही मालकांना तो स्वतःचाच अपमान वाटतो. माझं जनावर गरीब आहे, त्याला दांडा कशाला, असं म्हणणारे निम्मे निघतात. म्हणून तो प्रश्न आधी विचारायचा.

२०१५ च्या उन्हाळ्यात अर्जुनराव आपला पांढरा खिल्लार बैल घेऊन आले. अर्जुनराव म्हणजे गावातलं वजनदार माणूस. मिशा, जमीन, दोन पुतणे, सगळं भरपूर. बैलाच्या खुरात काटा गेला होता. त्याच दिवशी जालन्याकडचा एक गिऱ्हाईक बैल पाहायला आला होता आणि समोरच्या टपरीवर पाठ करून चहा पीत होता. महामायेनं दांडा हातात घेतला आणि नेहमीचा प्रश्न विचारला. अर्जुनराव म्हणाले, "छ्या. गाय हाय गाय. दांडा नको लावू, गिऱ्हाईक पाहीन."

बाजारात बैलाला एक खोड लागली की जन्मभर लागते. लाथाड्या बैल घ्यायला कुणी येत नाही. महामाया दांडा हातात धरून उभी राहिली. अर्जुनराव खूर दाखवायला स्वतः वाकले. आणि त्या गाईनं लाथ घातली.

हात कोपराखाली असा मोडला की आवाज टपरीपर्यंत गेला. गिऱ्हाईक धावत आला, टपरीवरचे दोघं आले. अर्जुनराव जमिनीवर बसलेले, हात लोंबतोय, बैल जागच्या जागी शहाण्यासारखा उभा, आणि बाईच्या हातात लोखंडी दांडा. गिऱ्हाइकानं विचारलं, काय झालं. अर्जुनराव काय बोलणार? बैलानं मारलं म्हटलं तर सौदा गेला हातचा, आणि हात गेला तो गेलाच. त्यांच्या तोंडून निघालं, "या बाईनं दांडा मारला."

माणूस दुखण्याच्या भरात काहीही बोलतो, तेवढ्यावर सोडून देता आलं असतं. पण बैल विकला गेला. गिऱ्हाईक दोर धरून घेऊन गेला, आणि मग शब्द मागं घ्यायची सोयच राहिली नाही. पुतणे काकांना घेऊन आधी माणसांच्या दवाखान्यात गेले, तिथून ठाण्यात. महामायेचं घर गावकुसाबाहेरच्या बौद्धवाड्यात आणि अर्जुनरावांचं चावडीसमोर. कुणाचं खरं धरायचं यावर गावानं फार डोकं शिणवलं नाही. बैलाची अब्रू वाचली, बाईची गेली.

पोलिसांनी हत्यार म्हणून खोड्याचा दांडा जप्त केला. त्यामुळं त्या दिवसापासून बाभूळखेडच्या दवाखान्यात दांडाच नव्हता. सरकारकडं नवा मागितला, तर जुना कोर्टात असल्यामुळं तो हरवला असं म्हणता येत नाही आणि हरवला नसल्यामुळं नवा देता येत नाही, असं उत्तर आलं. पुढची दहा वर्षं तिथली जनावरं दोरावर आणि नशिबावर उभी राहिली.

खालच्या कोर्टात साक्षीदार म्हणून टपरीवरचे दोघं आले. घटना घडताना दोघांची पाठ होती, पण दोघांनी ती अगदी बारकाईनं पाहिली होती. बैलाला कुणी बोलावलं नाही. २०१८ साली महामायेला दोन वर्षांची शिक्षा झाली. वरच्या कोर्टानं अपील दाखल करून घेतलं, जामीन दिला, त्यामुळं ती तुरुंगात गेली नाही. पण तिच्या खात्याला तेवढं पुरलं. पंधरा दिवसांत बडतर्फीचा आदेश आला. चौकशी नाही, विचारणा नाही. "न्यायालयाने दोषी ठरविल्याच्या कारणास्तव" एवढंच कारण. हजेरीपटावर तिच्या नावावर लाल शाईनं आडवी रेघ मारली गेली. ती रेघ तिनं स्वतः पाहिली, कारण आदेशाची पोच द्यायला तिलाच बोलावलं होतं. नियम आहे तसा.

ती साखरखेर्ड्याला माहेरी आली, भावाच्या अर्ध्या एकरात मेथी आणि मिरची लावली, बाजारात दुकान मांडलं. लोक मिरची घ्यायला यायचे आणि आमची गाय उभी राहत नाही, येता का म्हणायचे. ती जायची नाही. सरकारी हात आहे, सरकारनं बंद केलाय, सरकारलाच चालू करू दे, असं ठणकावून सांगायची आणि मिरची मात्र चांगली मोजून द्यायची. तुरुंगात न गेलेली बाई तुरुंगातून आलेल्यांसारखी वागवली जाते, हे तिला बाजारात बसून कळलं. दोघी बायका भाव करून झाल्यावर कुजबुजायच्या. तिला ऐकू यायचं. तिचे कान शाबूत होते.

डिसेंबर २०२४ मध्ये अपिलाचा निकाल लागला. वरच्या कोर्टाच्या न्यायाधीशांनी सरकारी डॉक्टरांच्या साक्षीतलं एक वाक्य वाचलं, जे सहा वर्षं कागदावर होतं आणि कुणी वाचलं नव्हतं: हातावरची खूण अर्धचंद्राकृती होती. सरळ दांडा अर्धचंद्र काढत नाही. खूर काढतो. जनावराच्या लाथेची शक्यता नाकारता येत नाही, म्हणून संशयाचा फायदा देऊन महामायेला निर्दोष सोडण्यात आलं, आणि मुद्देमाल, म्हणजे तो दांडा, दवाखान्याला परत करायचा हुकूम झाला.

मेहकरच्या वकील वंदनाताईंनी फोन केला. "महामायाबाई, कन्व्हिक्शन सेट असाइड झालं."

महामायेनं विचारलं, "मंग मी ड्यूटीवर कवा जाऊ?"

वंदनाताईंनी तिला समजावलं ते असं. तुम्हाला नोकरीवरून काढलं ते फक्त शिक्षा झाली म्हणून. दुसरं कारण आदेशात नाही. आता ती शिक्षाच उरली नाही, तर आदेश उभा कशावर राहणार? खात्याला हवं तर त्यांनी स्वतःची चौकशी लावावी, पण आधी कामावर घ्यावं लागेल. फक्त अर्ज आपण करायचा. आपणहून बोलवायला कुणी येत नाही.

महामायेला एवढं पुरेसं होतं. तिला घाई होती, कारण तिचा वाढदिवस एक जूनला येतो. म्हणजे येत नाही. तिच्या आईला विचारलं असतं तर तिनं आषाढ सांगितला असता. पण शाळेत नाव घालताना ज्यांची तारीख माहीत नव्हती त्या सगळ्या पिढीला मास्तरांनी एक जून वाटून दिला, आणि एक जूनवाले सरकारी नोकर एकतीस मेलाच रिटायर होतात. येत्या एकतीस मेला ती साठ वर्षांची होणार होती. त्याच्या आत कामावर हजर झाली तर निवृत्त. नाही झाली तर बडतर्फ, आणि मग जन्मभर बडतर्फच. शाल-नारळाची तिला हौस नव्हती. तिला हजेरीपटावर निळ्या शाईची सही हवी होती. एक. एका दिवसाची का होईना.

जानेवारीत तिनं खात्याच्या जिल्ह्याच्या मोठ्या कार्यालयात अर्ज दिला. तिथं आस्थापनेचं टेबल कुलदीपकडं होतं. चाळिशीचा, नीटनेटका, चार रंगांची पेनं खिशात. वाईट माणूस नव्हता. चूक करायची भीती इतकी की बरोबर करायचंही धाडस नाही, एवढाच त्याचा दोष, आणि त्या दोषावर त्याची पंधरा वर्षं निघाली होती. त्यानं निकाल उलटापालटा केला आणि म्हणाला, इंग्रजीत आहे, मराठी भाषांतर जोडा.

आता इथं महामायेनं चूक केली, आणि ती तिचीच होती. वंदनाताई म्हणाल्या होत्या, आठ दिवस द्या, मी करून देते. आठ दिवस कोण थांबतं? साखरखेर्ड्याला शंकरराव गुरुजी होते. चौतीस वर्षं हायस्कुलात इंग्रजी शिकवलेले. त्यांच्या हाताखालून गेलेला एकही विद्यार्थी कधी इंग्रजी बोलला नाही, पण काळ सगळ्यांना पाठ होते. गुरुजींनी एका संध्याकाळी, फुकट, शाईच्या पेनानं, वळणदार अक्षरात सात पानांचं भाषांतर करून दिलं. शब्दाला शब्द. कुठं काही सोडलं नाही, हीच तर पंचाईत झाली. शेवटचा परिच्छेद असा होता:

"अपील मंजूर करण्यात येत आहे. दोषसिद्धी व शिक्षा बाजूला ठेवण्यात येत आहे. अपीलकर्तीस संशयाचा लाभ देऊन सोडून देण्यात येत आहे."

महामायेनं ते वाचलं नाही असं नाही. वाचलं, आणि गुरुजींच्या पाया पडली.

फेब्रुवारीत कार्यालयाचं पत्र आलं. कुलदीपनं टिपणी लिहिली होती आणि साहेबांनी खाली सही केली होती. पत्रात म्हटलं होतं की भाषांतराचे अवलोकन करता शिक्षा रद्द झाली नसून केवळ बाजूला ठेवण्यात आल्याचे दिसते. सबब ती पुन्हा लागू होण्याची शक्यता नाकारता येत नाही. पुढं असंही होतं की अर्जदारास संशयाचा लाभ मिळाल्याचे नमूद आहे. सदर लाभाचा तपशील सादर करावा.

महामाया पत्र घेऊन कार्यालयात गेली. कुलदीपनं तिला खुर्ची दिली, पाणी दिलं, मावशी म्हणाला.

"मावशी, मी काय करू? तुमच्याच कागदात लिहेल हाय, बाजूला ठेवली. फेकून देली असं कुठंच लिहेल नाही."

"आन् ही लाभाची काय भानगड हाय?"

"तोच त् इचारला. काय लाभ भेटला तुमाले?"

"मिरच्या," महामाया म्हणाली. "सात वर्षं."

तिथून ती थेट गुरुजींकडं गेली. दोन शब्द बदलून द्या, एवढंच मागणं. ठेवली काढा, रद्द घाला. सोडून देलं काढा, निर्दोष घाला. गुरुजींनी चष्मा पुसला, शब्दकोश काढला आणि तिच्यापुढं उघडला.

"सेट म्हंजे ठेवणे. असाइड म्हंजे बाजूले. आता यात चूक कुठं हाय ते तू मले दाखव."

तिनं सांगितलं की चूक नाही गुरुजी, पण माझी नोकरी जाऊन राह्यली. गुरुजी म्हणाले, नोकरीसाठी मी भाषा बिघडवणार नाही. वर असंही म्हणाले की त्यांच्या भाषांतरावर आजवर कुणी बोट ठेवलेलं नाही. खरं होतं. आजवर ते कुणी वाचलंही नव्हतं.

वंदनाताईंनी कपाळाला हात लावला आणि मार्चमध्ये स्वतः नवं भाषांतर करून दिलं, "रद्द" आणि "निर्दोष मुक्त" अशा खणखणीत शब्दांत. महामायेला वाटलं, झालं. पण ज्यानं आयुष्यात सरकारी कार्यालय बाहेरूनच पाहिलंय त्यालाच असं वाटू शकतं. कुलदीपसमोर आता एकाच निकालाची दोन भाषांतरं होती, आणि दोन्ही अर्जदारानंच दिलेली. एकात शिक्षा बाजूला, एकात रद्द. त्यानं लाल पेन काढलं, दोन्हीत "तफावत" असल्याचं लिहिलं आणि फाइल मार्गदर्शनार्थ वर पाठवली. मार्गदर्शनार्थ गेलेली फाइल म्हणजे आजोळी गेलेलं पोर. कधी परत येईल ते आजोळालाच माहीत.

एप्रिल उजाडला. उच्च न्यायालयात जाता येईल, वंदनाताई म्हणाल्या, जिंकूही, पण मेच्या आत तारीख लागायची खात्री नाही. महामाया मेहकरहून बसनं परत येत होती आणि डोक्यात एकच शब्द गरगरत होता. बाजूला ठेवली. बाजूला ठेवली. अरे, घरात भाकर बाजूला ठेवली तर सासू सांगायची ना, शिंक्यावर आहे, टोपल्याखाली आहे, फडक्यात आहे. वस्तू बाजूला ठेवली म्हणजे ती कुठंतरी असते. ठेवणाऱ्याला ठाऊक असतं. मग यांनी माझी शिक्षा ठेवली कुठं?

घरी पोचल्यावर तिनं मिरचीच्या पाटीखालचा कोरा कागद काढला आणि माहितीच्या अधिकाराचा अर्ज लिहिला. दहावीपर्यंत शिकली होती, अक्षर गोल होतं आणि राग ताजा होता. आपल्या कार्यालयाच्या पत्रानुसार माझी शिक्षा बाजूला ठेवण्यात आली आहे, तरी ती कोणत्या बाजूला ठेवली आहे, ते कळवावे. ज्या कपाटात ठेवली आहे त्याचा क्रमांक, आणि चावी कोणाकडे असते, ते कळवावे. शिक्षा बाजूला ठेवणाऱ्या कर्मचाऱ्याचे नाव व हुद्दा द्यावा. तसेच सदर शिक्षेची प्रत्यक्ष पाहणी करू द्यावी, मी वेळेवर हजर राहीन.

वंदनाताईंना तिनं तो वाचून दाखवला. त्यांनी चहाचा कप खाली ठेवला, कारण हातातून सांडायला लागला होता. एक काना-मात्रा बदलू नका म्हणाल्या. दहा रुपयांचं कोर्ट-फीचं तिकीट चिकटवलं आणि सतरा एप्रिलला अर्ज आवक खिडकीत पडला.

अशा अर्जावर हसता येतं, पण तो फाडता येत नाही. तीस दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. नाही दिलं तर माहिती अधिकाऱ्याला दंड. माहिती अधिकारी होते कुलदीपचेच वरिष्ठ. त्यांनी अर्ज कुलदीपकडं टाकला आणि विचारलं, काय आहे हे? कुलदीप पेनाचं टोपण काढून बसला. शिक्षा आमच्याकडं आहे असं लिहावं तर दाखवावी लागणार. ठेवलीच नाही असं लिहावं तर फेब्रुवारीचं पत्र खोटं पडतं. मग त्यानं आयुष्यभर जे केलं तेच केलं: अर्ज पुढं ढकलला. पाची शाखांना पत्रं गेली की सदर शिक्षा आपल्या शाखेत असल्यास कळवावे.

आणि शाखांनी कळवलं. सरकारी कार्यालयात प्रश्न कितीही वेडा असो, त्यावर जावक क्रमांक पडला की उत्तर शहाणं येतं. लेखा शाखा: निरंक. बांधकाम: निरंक. पशुधन: निरंक, मात्र खोड्याचा एक दांडा न्यायालयात प्रलंबित आहे. भांडार शाखेनं तर साठा नोंदवही तपासली आणि लिहिलं, सदर शिक्षेची आवक अथवा जावक आढळून येत नाही. सगळे निरंक गोळा झाले. एकोणतिसाव्या दिवशी महामायेला उत्तर मिळालं, गोल शिक्क्यासह:

"आपली शिक्षा या कार्यालयाच्या अभिलेखात आढळून येत नाही."

महामायेनं ते पत्र तीनदा वाचलं. मग त्याच्या चार झेरॉक्स काढल्या.

दुसऱ्याच सोमवारी ती आणि वंदनाताई साहेबांच्या दालनात गेल्या. साहेब मार्चअखेर बदलून आलेले. फेब्रुवारीच्या पत्रावरची सही त्यांची नव्हती, हे बरंच झालं. बदलून आलेल्या साहेबाला आधीच्या साहेबाची चूक फार लवकर दिसते. वंदनाताईंनी बडतर्फीचा आदेश, निकाल आणि हे पत्र एकाखाली एक मांडलं. साहेबांनी वाचलं, पुन्हा वाचलं आणि चष्म्यावरून महामायेकडं पाहिलं.

ती म्हणाली, "साहेब, तुमचं ऑफिस म्हणते शिक्षा नाही. पाची टेबलं म्हणतात नाही. मंग मले काढलं ते कायच्या जोरावर?"

साहेबांनी कुलदीपला बोलावलं. आजवर कुलदीपला कामावर घेण्याची भीती वाटत होती. आता दालनातल्या शांततेत त्याला न घेण्याची भीती वाटली. भीती तीच, तोंड फक्त फिरलं. वर गेलेली फाइल त्यानं स्वतः जाऊन दोन दिवसांत परत आणली. आणायला गेलं की येते, हे त्याला पंधरा वर्षांत पहिल्यांदा समजलं असावं. एकोणतीस मेच्या गुरुवारी दुपारी बारा वाजता आदेश निघाला. दोषसिद्धी रद्द झाल्यामुळे बडतर्फीचा आदेश मागे घेऊन सेवेत पुनःस्थापित करण्यात येत आहे. मधल्या काळाबाबत स्वतंत्र निर्णय घेण्यात येईल. मधल्या काळाचं मी पाहते, त्याला तारखेची घाई नाही, असं वंदनाताई म्हणाल्या आणि पदर खोचल्यासारखी फाइल काखेत खोचली.

कुलदीपनं आदेश हातात देताना सांगितलं, मावशी, एकतीसला शनिवार हाय, ऑफिस बंद. उद्याच हजर व्हा, नाही तर माझ्यावर येईल. त्याला शेवटी तीच काळजी होती.

आदेश घेऊन महामाया घरी गेली नाही. ती कोर्टात गेली. मुद्देमालाच्या खोलीतल्या बाबूंना तिनं आदेश दाखवला: मी आता दवाखान्याची नोकर, दवाखान्याची वस्तू द्या. डिसेंबरपासून तो दांडा न्यायला खात्याचा एकही माणूस आला नव्हता. बाबूंनी धूळ झटकून तो तिच्या हातात ठेवला. त्याला अजून चिठ्ठी बांधलेली होती, तिच्या नावाची, पुढं "आरोपी" लिहिलेली. चिठ्ठी तिनं तिथंच सोडवून टेबलावर ठेवली. म्हणाली, हे तुमचं.

शुक्रवारी सकाळच्या गाडीत ती दांडा उभा धरून बसली. कंडक्टरनं विचारलं, मावशी, हे काय हाय. ती म्हणाली, हत्यार. त्यानं पुढं काही विचारलं नाही.

दवाखान्यात डॉक्टर नव्या होत्या, डॉ. प्रतीक्षा, तिशीच्या आतल्या. त्यांनी आदेश वाचला, तारीख वाचली, आणि म्हणजे आजच एक दिवस का असं विचारता विचारता थांबल्या. हजेरीपट पुढं ओढला. शेवटच्या ओळीत निळ्या पेनानं नाव लिहिलं: श्रीमती म. प्रे. अवसरमोल, परिचर. महामायेनं सही केली. वेळ लिहिली. मग पदर कमरेला खोचला आणि बाहेर जाऊन दांडा खोड्यात सरकवून पाहिला. गंजला होता, अडला. दोन शिव्या दिल्यावर बसला.

मे संपताना दवाखान्यात गर्दी असते. पेरणी तोंडावर, बैल दुरुस्त करून घ्यायचे असतात. पाच-सहा जनावरं रांगेत होती. शेवटून दुसरे अर्जुनराव होते. सत्तरीचे झाले होते, मिशा पांढऱ्या, डावा हात कोपराखाली जरा वाकडा. तांबड्या बैलाच्या मागच्या पायाला जखम होती आणि जखमेत अळ्या. त्यांनी महामायेला पाहिलं आणि दोराला हिसका देऊन बैल माघारी वळवायला गेले. पण बैल लंगडत होता आणि दुसरा दवाखाना अठरा किलोमीटरवर. ते तिथंच उभे राहिले, चपलेनं माती उकरत.

त्यांचा नंबर आला. बैल खोड्यात शिरला. महामाया दांडा हातात धरून मागं उभी राहिली, दहा वर्षांपूर्वी उभी होती तिथंच. टपरीही तिथंच होती, आणि टपरीवरचे लोक आज या बाजूला तोंड करून बसले होते.

"लाथ मारते का?"

अर्जुनराव बैलाच्या शिंगांकडं पाहत राहिले. डॉ. प्रतीक्षा सुई भरून चार पावलं लांब उभ्या होत्या. त्यांना वाटलं म्हाताऱ्याला ऐकू कमी येतं. त्या पुन्हा विचारणार होत्या, महामायेनं हातानं थांबवलं. तिला कामाचे सहा तास मिळाले होते आणि त्यातली दहा मिनिटं यावर खर्च करायची तिची तयारी होती.

"हाव," अर्जुनराव पुटपुटले.

"मले त् ऐकू आलं. डॉक्टरबाईले नाही आलं."

अर्जुनरावांनी टपरीकडं एकदा पाहिलं. मग मान वर न करता, पण मोठ्यानं म्हणाले, "हाव. मारते. याचा बापही मारत जाये, तो पांढरा."

महामायेनं दांडा सरकवला. डॉक्टर पुढं आल्या, औषध जखमेवर पडलं, आणि तांबड्यानं अशी लाथ झाडली की दांडा ठणकन वाजला आणि टपरीवरच्या एकाचा चहा सांडला. कुणाला काही झालं नाही. तेवढ्यासाठीच दांडा असतो.

नंतर ती केसपेपर भरायला बसली. जनावराचं वर्णन, वय, आजार, उपचार. स्वभावासाठी छापील रकाना नव्हता. तिनं समासात गोल अक्षरात लिहिलं: लाथ मारतो. आणि पेन टेबलावर ठेवण्याआधी पुढं आणखी लिहिलं: मालकाने स्वतः सांगितले.